सहाणेवर झिजलेला बाहुपाद

मित्रांनो, मी एक जुना, फार जुना समुद्रातला जीव आहे. आता दगड झालो आहे. मुठीत मावेन एवढाच होतो. मला पाहणारा जो तो 'शिंपला' म्हणतो, पण मी शिंपला नाही. माझी जात ब्रॅकिओपोडची. मराठीत आम्हाला बाहुपाद म्हणतात. या एका चुकीपायी एका घरात काय झालं, ते ऐका.

आज जिथे कच्छ आहे, तिथे तेव्हा समुद्र होता. माझ्या कवचाच्या टोकाला, म्हणजे चोचीला, एक भोक होतं. त्यातून देठासारखा पाय बाहेर निघायचा आणि खडकाला घट्ट धरून बसायचा. कवचाच्या आत केसाळ बाहू होते. त्यांनी पाणी आत ओढायचं, त्यातले बारीक कण खायचे, एवढाच माझा संसार. मेलो, गाळात गाडला गेलो आणि गाळाबरोबर दगड झालो.

कमलनगरच्या एका शाळेतले मुकुंदराव गुरुजी कच्छला फिरायला गेले होते. त्यांनी मला रुमालात बांधून आणलं. वर्गात ते मला उंच धरायचे.

"पोरांनो, शिंपल्याची दोन झाकणं म्हंजे जुळी भावंडं. ह्याचं तसं न्हाई. एक मोठं, एक लहान."

"मग सर, हे बेढबच की!" विजयश्री नावाची मुलगी म्हणाली.

"बेढब व्हय? चोचीपासून खाली मधोमध रेघ ओढ बघू."

तिने खडूने रेघ ओढली. डावी बाजू उजवीसारखीच, तंतोतंत. ती बराच वेळ मला फिरवून बघत राहिली. पुढे प्रयोगशाळेच्या कपाटात शाळेतल्या जेवणाच्या तांदळाची पोती आली, मला जागा उरली नाही आणि गुरुजींनी मला तिलाच देऊन टाकलं.

लग्न होऊन ती कोहिनूर गावी आली, तेव्हा तिच्या पेटीतून मीही आलो. सासू सत्यभामाबाईंनी मला देवांजवळ ठेवलं, हळदकुंकू वाहिलं. एवढा मान मला कधी मिळाला नव्हता. मग सोनूचा जन्म झाला. घर हसू लागलं.

तो रांगायला लागला आणि त्याला ढाळ लागले. पाणी पोटात ठरेना. नवरा शिवराज तूर घेऊन आळंदच्या बाजारात गेला होता.

"आत्या, दवाखान्यात नेऊ या," विजयश्री सासूला म्हणाली.

"कामून घाबरायलीस? माझी समदी पोरं गुटीवर वाढली." सत्यभामाबाईंनी सहाण पुढे ओढली. "समुद्राचा शिंपला थंड असतो. उगाळून चाटवते."

"आत्या, त्यो शिंपला न्हाई. दगड हाय."

"लई शिकलीस बाई! शिंपला वळखायचं बी आता तुझ्याकडनं शिकू व्हय?"

विजयश्रीने फोन लावला. शिवराज म्हणाला, "मी यायलोय. तवर आई म्हणती ते कर."

सहाणेवर माझी डावी बाजू झिजू लागली. पांढरा चिखल निघाला. तो बोटाने त्या लेकराच्या जिभेवर लागला. सत्यभामाबाई मन लावून उगाळत होत्या, तोंडाने देवाचं नाव घेत होत्या. त्यांचा त्या नातवावर जीव होता, मित्रांनो, हे विसरू नका. पण सोनूचे डोळे खोल गेले. तो रडायचा, पण डोळ्यांतून पाणी येईना. शिवराज आला, जीप निघाली आणि बसवकल्याणच्या वाटेवर विजयश्रीच्या मांडीवर सोनू गेला.

घरात कोणी मला बोल लावला नाही. सत्यभामाबाई भेटायला येणाऱ्यांना सांगत, "औषध लागू पडायच्या आत गेलं गं लेकरू."

दिवस सरले. एका सकाळी शेजारचे निंगप्पा दारात आले.

"अक्का, तुमच्याकडं समुद्राचा शिंपला हाय म्हणं. आमच्या नातीला ढाळ लागलेत. उगाळून परत आणून देतो."

सत्यभामाबाईंनी मला उचललं. "घिऊन जा, अण्णा. लौकर चाटवा बरं. आम्हाला उशीर झाला."

विजयश्रीने त्यांच्या हातातून मला ओढून घेतलं. पाट्यावर ठेवलं आणि वरवंटा घातला. माझे तुकडे अंगणभर उडाले.

"डोकं फिरलं का गं तुझं?" सत्यभामाबाई म्हणाल्या.

"फिरलं! अण्णा, कशाची वाट बघायलात? जीप काढा. मीठ-साखरेचं पाणी पाजत पाजत पोरीला दवाखान्यात न्या."

निंगप्पा गोंधळून सत्यभामाबाईंकडे बघू लागले. त्या माझ्या तुकड्यांकडे बघत होत्या, मग सुनेच्या रिकाम्या हातांकडे. त्या आत गेल्या. बाहेर आल्या तेव्हा एका हातात साखरेचा डबा होता, दुसऱ्या मुठीत मीठ. डबा निंगप्पांच्या छातीशी लावून त्या ओरडल्या, "पळा की! हुबं कामून ऱ्हायलात?"

मित्रांनो, निंगप्पांच्या नातीचं पुढे काय झालं, मला ठाऊक नाही. मी अजून अंगणातच आहे, पायाखाली येतो. मला वेचून जोडा, असं मी म्हणत नाही. एवढंच मागतो: माझा एखादा तुकडा सापडला तर हातात घेऊन जरूर बघा, पण तो कुणाच्या सहाणेवर जाऊ देऊ नका.