बारा ताड

ऐलय्या ताडावरून पडला तो उजव्या अंगावर. मांडीच्या हाडाचा गोळा खुब्याच्या वाटीत घणासारखा बसला आणि वाटीचे तीन तुकडे झाले. जिल्ह्याच्या डॉक्टरीणबाईंनी धातूची पट्टी व स्क्रू घालून ते जुळवले आणि बजावले, "तीन महिने या पायावर भार द्यायचा नाही."

सातव्या आठवड्यात ताडांची वाटणी आली. ताडी काढणाऱ्या गौडांची रीत जुनी होती: कमरेला दोर बांधून ताडांचा देव काटमय्या याच्या दगडासमोर जो स्वतःच्या पायांवर उभा राहील, त्यालाच वर्षभरासाठी ताड; अंथरुणावरच्या माणसाचे ताड इतरांत वाटले जात.

"एक साल ताड नाही मिळाले, तर काय मरतो आपण?" त्याची बायको राजव्वा म्हणाली.

"वदिना, घटकाभर तर उभं राहायचंय," धाकटा भाऊ कोमुरय्या म्हणाला. "मी मागून धरतो की. डॉक्टरीणबाई कधी ताडावर चढल्यात?"

ऐलय्याने कुबड्या घरीच ठेवल्या. भाऊ मागून धरून होता, तोवर भार डाव्या पायावर राहिला.

"अरे, हा तर ताडासारखाच ताठ!" कुणीतरी ओरडले. "वाकून दाखव की, अन्ना!"

सगळे हसले. तेवढ्यात वाटणी करणाऱ्या म्हाताऱ्या पेद्दागौडाने कोमुरय्याचे नाव पुकारले. त्यालाही आपल्या ताडांसाठी पुढे जाऊन उभे राहणे भाग होते. त्याने हात सोडला. ऐलय्याचा तोल गेला, आणि सावरताना उजवा पाय पूर्ण टेकला. जांघेत खोलवर काहीतरी सरकले. त्याने दात आवळले. पुढचे नाव त्याचे होते. बारा ताड मिळाले.

महिन्याने डॉक्टरीणबाईंनी एक्स-रे उजेडासमोर धरला. "पट्टी निसटली, गोळा झिजलाय. कुणी उभं केलं यांना?"

"कुणी नाही, बाई. मीच राहिलो," ऐलय्या म्हणाला. कोमुरय्या खिडकीबाहेर पाहत होता.

"आता सांधा बदलावा लागेल. चालाल. पण झाडावर पुन्हा नाही."

ते बारा ताड आता ताडीसाठी कोमुरय्या छेदतो. एका सकाळी त्याने खाटेशी ताडीचा लोटा ठेवला. "तुझ्याच ताडाची, अन्ना. पुढच्या सालीही नुसतं उभं राहायचं. नव्या सांध्यावर तर ऐटीत राहशील!"

तो गेल्यावर राजव्वाने लोटा उचलला आणि चुलीच्या राखेत पालथा केला.

"पिऊ तरी द्यायचीस," ऐलय्या म्हणाला. "माझी होती ती."