सोवळ्यातला करंडक

‘हात लावू नये’ असं मी म्हणत नाही हो, माझ्या काचेवरची पाटी म्हणते. मला विचाराल तर खुशाल लावा. मी उत्तर विभागाचा करंडक बोलतोय. बर्फावरच्या धंदेवाईक हॉकीतला हा विभाग आता उरलेला नाही, आणि होता तेव्हाही त्याला डोकं होतं असं माझं मत नाही.

माझा जन्म इथलाच, आयर्न नॅरोज या खाणीच्या गावचा. लीगच्या मंडळींनी मला चांदीचा करायचं ठरवलं होतं. पण ठराव पास झाल्यावर जे जेवण झालं त्यात चांदी विरघळली, आणि काम खाणीच्या वर्कशॉपकडे आलं. तिथल्या फिटरनं माझा एक कान जेवणाच्या सुट्टीआधी केला आणि दुसरा सुट्टीनंतर. म्हणून डावा जरा मोठा आहे. अंग निकेलचं, वरून चांदीचा हात फिरवलेला. बडा घर पोकळ वासा म्हणतात ना, तो वासा मीच.

लीगमध्ये विभाग दोन, उत्तर आणि दक्षिण. आपापला विभाग जिंकणाऱ्याला एकेक करंडक मिळायचा. मग ते दोघे एकमेकांशी भिडायचे, आणि त्यात जिंकेल त्याला मोठा चषक. थोडक्यात, मोठा चषक म्हणजे लग्न आणि मी म्हणजे साखरपुडा.

सुरुवातीला उत्तर विभागात चार संघ होते: आमचे खाणवाले, सेंट ओमेरचे लाकूडतोडे, आणि तळ्याकाठच्या दोन गावांचे दोन. एका हिवाळ्यात लाकूडतोड्यांच्या रिंकचं, म्हणजे बर्फाच्या मैदानाचं, छप्पर बर्फाच्या भारानं बसलं, आणि त्याबरोबर संघही बसला. तळ्याकाठचा एक संघ एका मोठ्या शहरानं पळवला. मग एके वर्षी लीगच्या शहाण्यांनी नकाशा पुढ्यात घेतला आणि मॅग्नोलिया सिटीला उत्तर विभागात घातलं. तिथे जानेवारीत लोक अर्ध्या चड्डीत हिंडतात. का घातलं, तर म्हणे दक्षिणेत जागा नव्हती. त्यांचे खेळाडू पहिल्यांदा इथे बसमधून उतरले आणि उतरल्या पावली परत आत गेले. ड्रायव्हरनं शपथेवर सांगितलं की गाव हेच आहे, तेव्हा कुठे खाली आले.

आता माझ्या सोवळ्याची गोष्ट. पहिल्या वर्षी जो कप्तान जिंकला त्यानं मला उचललं, माझा मुका घेतला, मला डोक्यावर घातलं. पुढे मोठ्या चषकाच्या सामन्यात तो घसरून पडला, घोटा मोडला आणि संघ हरला. गडी आदल्या दिवसापासून तर्र होता, हे अख्ख्या गावाला माहीत होतं. पण दारूला दोष दिला तर दारू सोडावी लागते. म्हणून दोष मला दिला. विभागाच्या करंडकाला हात लावला की मोठा चषक गेलाच, असं ठरून गेलं.

दुसऱ्या वर्षी कोणीच हात लावला नाही. तरी हरले. मग ठरलं की कोणीतरी चोरून लावला असणार.

तेव्हापासून मला चाकांच्या टेबलावर ढकलत आणायचे. ढकलणाऱ्याच्या हातात पांढरे हातमोजे. जिंकलेला कप्तान माझ्याशेजारी हात पाठीमागे बांधून उभा राहायचा, चेहरा असा की जणू घरातलं कोणी गेलंय. फोटो निघायचा, टाळ्या पडायच्या आणि मी पुन्हा कॅन्टीनमधल्या काचेच्या कपाटात. आमच्या विभागानं मोठा चषक एकदाही जिंकला नाही, ही गोष्ट मात्र कोणाच्या डोक्यात शिरली नाही.

या सोवळ्याचा मुख्य पुजारी म्हणजे एइनो साल्मी. तरुणपणी तो खाणवाल्यांचा कप्तान होता. त्यानं मला जिंकलं, हात मागे बांधले, फोटो काढला आणि पुढे सपाटून मार खाल्ला. तो फोटो माझ्या कपाटाशेजारी टांगलाय. पुढची तीस-एक वर्षं एइनो रोज रिंकवरच्या कॅन्टीनमध्ये कॉफी पीत सांगायचा, “हरलो, पण हात लावला नाही हां आम्ही!” ऐकणाऱ्याला वाटावं, हात न लावण्याचीच स्पर्धा होती.

पुढे त्याचा मुलगा आर्विड खाणवाल्यांचा कप्तान झाला. गुडघे गेलेले, पुढचे दात गेलेले, पण माणूस भला.

त्याच्या शेवटच्या हंगामात संघाचे मालक प्रूइटसाहेब गावात आले आणि डोळे पुसत म्हणाले की संघ आता कोरल सिटीला जाणार. तिथे समुद्र आहे, ताडाची झाडं आहेत, नवं रिंक आहे. लीगनंही लगोलग जाहीर केलं की उत्तर विभाग बंद, पुढल्या वर्षापासून ‘किनारा विभाग’. म्हणजे जो कोणी मला जिंकेल तो शेवटचा. आणि त्या वर्षी नेमके आमचे खाणवाले सुसाट सुटले. विभागाच्या निर्णायक सामन्यापर्यंत पोचले.

सामन्याच्या दिवशी दुपारी बापलेक माझ्या काचेसमोर उभे होते.

“बाबा, आज जिंकलो तर मी याला उचलणार आहे.”

“डोकं फिरलंय का तुझं? मोठा चषक घालवायचाय?”

“तुम्ही हात लावला नव्हता. तुम्हाला मिळाला का?”

“तो भाग वेगळा.”

“कसा वेगळा? संघ चाललाय, विभाग चाललाय. उद्या याला जिंकायलाही कोणी नसणार. एकदा तरी धरू दे ना.”

“आर्विड, तू हात लावलास तर मला तोंड दाखवू नकोस.”

काउंटरमागून कॅन्टीनवाली ओडील ओरडली, “काचेला टेकू नका रे दोघं! आत्ताच पुसलीय.” बाई काच पुसायची. मला पुसायची तिचीही छाती नव्हती.

संध्याकाळी खाणवाले जिंकले. मला टेबलावरून बर्फावर आणलं. लीगचे अध्यक्ष बोलले, परंपरेविषयी बोलले, बोलतच राहिले. आर्विड माझ्याशेजारी उभा. पहिल्या रांगेतून एइनोचा आवाज आला, “हात मागे!” मग सगळं गाव ओरडायला लागलं, “हात मागे! हात मागे!”

आर्विडनं हातमोजे काढून खाली टाकले आणि मला दोन्ही कानांना धरून उचललं.

खोटं कशाला बोलू, मला रडू आलं. इतक्या वर्षांत माणसाच्या हाताची ऊब कशी असते तेच मी विसरलो होतो. स्केट्सचा करकर आवाज तेवढा येत होता. आर्विड मला घेऊन सरळ कठड्यापाशी बापाकडे गेला, मला पुढे केलं आणि म्हणाला, “बाबा, धरा.”

एइनोनं दोन्ही हात कोटाच्या खिशात घातले आणि मान फिरवली.

पुढे मोठ्या चषकाचे सामने झाले आणि खाणवाले ओळीनं सगळे हरले. समोरचा संघ दुपटीनं चांगला होता. पण गावाला कारण आधीच सापडलं होतं. न्हाव्यानं आर्विडला ‘आज वेळ नाही’ म्हणून परत पाठवलं, आणि दुकानात दुसरं गिऱ्हाईक नव्हतं. ओडील त्याच्या कॉफीच्या पेल्याला झाकण देईना. एइनो तर मुलगा दिसला की रस्ता ओलांडायचा. संघ विकणाऱ्या प्रूइटसाहेबांना मात्र गावानं निरोपाची मेजवानी दिली. ओडीलनं त्यांच्यासाठी ब्लूबेरीचा केक केला होता. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, ते काही उगीच नाही.

मला न्यायला लीगकडून कोणी आलं नाही. विभागच नाही, तर त्याचा करंडक कोण मागणार? मी काचेत राहिलो. आर्विडला रिंकवर बर्फ गुळगुळीत करायच्या गाडीवर नोकरी मिळाली. तो बर्फावर गोल गोल फिरायचा, बाप कॅन्टीनमध्ये कॉफी प्यायचा, आणि मध्ये एक काच. अशी काही वर्षं गेली. बापाचा शब्द मोडून मुलानं मला उचललं याचं मला कौतुक होतं, पण घर मोडलं ते माझ्यापायी, हेही कळत होतं.

मग एका रविवारी दुपारी कॅन्टीनमधल्या टीव्हीवर मोठ्या चषकाचा निर्णायक सामना लागला. खेळत होते कोरल सिटीचे, म्हणजे आमचेच पळवलेले खाणवाले. आता त्यांचं नाव फ्लेमिंगो. सामना सुरू व्हायच्या आधी टीव्हीवर त्यांनी किनारा विभाग जिंकला तेव्हाचं चित्रण दाखवलं. त्या पोरांना सोवळंओवळं कोणी शिकवलंच नव्हतं. त्यांनी आपल्या विभागाच्या करंडकातून बिअर प्यायली, तो समुद्रात बुचकळला, एकानं तर त्यात आपलं कुत्रं बसवलं.

कॅन्टीनमधले लोक हसले. “आता बघा कसे आपटतात!”

फ्लेमिंगो जिंकले. मोठा चषक घेऊन नाचले.

टीव्हीचा आवाज बारीक करत ओडील पुटपुटली, “मग आपल्या आर्विडनं काय घोडं मारलं होतं?”

न्हावी म्हणाला, “तो विभाग वेगळा. तिकडचा नियम वेगळा असेल.” दोघातिघांनी माना डोलावल्या. या गावात अक्कल गोठलेली राहते, कारण इथे हवाच तशी आहे.

पण एइनो उठला. “ओडील, किल्ली दे.”

“कसली?”

“कपाटाची. आणि तोंड मिट.”

त्यानं कपाट उघडलं. आधी बोट लावलं, मग तळवा, मग मला उचललं. आणि हसला. “हलका आहे की गं हा! मला वाटायचं, केवढा जड असेल.”

मला छातीशी धरून तो कठड्यापर्यंत चालत गेला. आर्विडनं गाडी थांबवली, खाली उतरला आणि बापाच्या हाताकडे बघत राहिला.

“धर,” एइनो म्हणाला.

“बाबा, हात गारठतील तुमचे.”

“गारठू देत. धर म्हटलं ना! त्या दिवशी मी धरायला हवा होता.”

आर्विडनं माझा मोठा कान धरला, धाकटा बापानं धरून ठेवला. ओडीलनं फोटो काढला. तो आता जुन्या फोटोच्या खालीच लावलाय.

पाटी अजून आहे, कारण ती काढायची कोणाची हिंमत होत नाही. तुम्ही आलात तर तिच्याकडे बघू नका, कपाटाला आता कुलूप नाही. जे जिंकलंत ते हातात घ्या, बाबांनो. उद्याच्या मोठ्या चषकापायी आजचं हातचं सोडलं की दोन्ही जातात.

त्या दिवशी मला परत ठेवताना ओडील फडकं घेऊन आली. माझ्या अंगभर दोघांच्या बोटांचे ठसे उमटले होते.

“राहू दे,” एइनो म्हणाला. “पुसू नकोस.”