अकरा नावांची फाइल

कबड्डीच्या मुलखात आम्ही दोघंच फुटबॉलवेडे. जोतीराम भवानीनगरच्या मैदानावर पोरं जमवून खेळायचा आणि मी बारामतीत स्टँडमागच्या कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायचो. अठ्ठ्याण्णवच्या उन्हाळ्यात क्लासच्या पीसीवरचा फुटबॉलचा गेम आम्ही पार उलटापालटा केला. एका परदेशी क्लबचं नाव पुसून भवानीनगर लिहिलं, त्याच्या खेळाडूंच्या जागी आमच्या पोरांची नावं घातली. फाइलमध्ये जुन्या नावाएवढीच इंग्रजी अक्षरं बसायची, एक जरी जास्त झालं की गेम बंद. म्हणून दादासाहेबचा नुसता दादा झाला. जोतीराम मात्र सात अक्षरांत आख्खा बसला. त्याचा पासपोर्ट फोटो समोर ठेवून, माउसने एकेक ठिपका रंगवत मी आठ दिवसांत त्याचा चेहरा बसवला. थ्रीडी कार्ड नव्हतं. गवत चौकटीचौकटींचं दिसायचं, पळताना पायांच्या पट्ट्या व्हायच्या. तरी उजव्या कडेनं बॉल घेऊन निघालेला तो लगेच ओळखू यायचा. गडी भलताच खूश होता.

डिसेंबरात संध्याकाळी त्याची मोटरसायकल उसाच्या ट्रॉलीवर मागून आदळली. ट्रॉलीला लाइट नव्हता. डावा पाय मांडीतून काढावा लागला.

त्यानंतर गाव त्याच्याशी फार जपून वागायला लागलं. मैदानाकडे चल, असं कुणी म्हणेना. तो दिसला की पोरं मॅचचा विषय सोडून उसाच्या टनेजवर घसरायची. मला त्यांचा संताप यायचा. आणि तो क्लासवर येतोय असं कळल्यावर मी काय केलं? आदल्या दिवशी त्याचं नाव आणि चेहरा पुसून तिथं राखीव पोरगा रतन बसवला. जुनी फाइलही ठेवली नाही. पळताना स्वतःला बघून त्याच्या काळजाला घरं पडतील, असं वाटलं मला.

एसटीतून कुबड्या सांभाळत, जिना चढून तो घामाघूम होऊन आला. टेकायच्या आत म्हणाला, "लाव गेम. पडून पडून जीव इटलाय. मी पळतोय ते बघायचंय मला."

मी गेम लावला. मॅच सुरू झाली. तो उजव्या कडेकडे बघत राहिला. मग माउस ओढून घेतला, यादी उघडली. अकरा नावं वाचली, खालची राखीवही वाचली.

"हितं बी न्हाय व्हय मी?"

"तुला वाईट वाटंल म्हणून काढलं."

"समदी तेच म्हणत्यात," तो शांतपणे म्हणाला.

"थांब, आत्ता घालतो." मी घाईघाईनं नाव टाइप केलं. त्याखाली पळण्याच्या वेगाची चौकट होती, नव्याण्णवपैकी आकडा टाकायची. त्याचा जुना आकडा मला तोंडपाठ होता. तरी बोटं थांबली. क्षणभरच, पण त्यानं ते बघितलं.

त्यानं कुबड्या काखेत घेतल्या. मी हात द्यायला उठलो.

"ऱ्हाऊ दे," तो म्हणाला. "रतनलाच खेळू दे."

तो परत कधी क्लासवर आला नाही.