कोयता क्रमांक एकेचाळीस

मला सागवानाची किळस येते. लोक नव्या टेबलावरून हात फिरवून म्हणतात, काय लाकूड आहे! मी तिथून उठून जातो. ते लाकूड आमच्या अक्षयनगरात दीड दिवसात वाढतं, आणि तिथल्या फाटकावर कारकून होतो मी.

अक्षयनगर कर्जतच्या पलीकडच्या माळावर चार वर्षांपूर्वी उभं राहिलं. तिथं वेळ पाहिजे तशी ताणतात, पाहिजे तशी आवळतात. वरच्या अंगाला साहेब लोकांची वसाहत. तिथं वेळ इतकी संथ, की त्यांचा एक चहा संपेस्तोवर आमचा दिवस मावळतो. त्यांच्या तोंडावर सुरकुती नाही आणि लाजही नाही. खालच्या अंगाला, उंच भिंतीआड, जलद रान. तिथं सगळं उलटं. बाहेर एक दिवस गेला की आत सहा महिने. ऊसतोडीचा अख्खा हंगाम आज सकाळी सुरू होतो आणि उद्या सकाळी संपतो.

आमच्या लोकांना याचीच भुरळ पडली. दरसाल लेकरं म्हातारीपाशी टाकून सहा महिने लांबच्या फडात राबायचं, त्यापेक्षा हे बरं. लेकराला एक रात्र काय ती आईवाचून. माझी बहीण पंकजा हाच विचार करून गेली. विचार तरी तिचा कुठला, गळ मीच घातली होती. "पोरीला कळायचं बी न्हाई तू गेल्ती म्हणून," हे माझेच शब्द.

पंकजा अठ्ठावीसची. तिची पोर संस्कृती सात वर्षांची. आत जाताना तिनं पोरीच्या हातात दोन लाल रिबिनी दिल्या. म्हणाली, "सोमवारी शाळंत फोटो हाय ना? उद्या सकाळी येते आन् दोन वेण्या घालते. तवर संबाळ."

ऊसतोडीत नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. वहीत नाव नवऱ्याचं. 'कोयता ४१, अंगद' एवढं मी लिहिलं. बायकोचं नाव लिहायची रीत नाही, आणि सख्ख्या बहिणीसाठी ती मोडावी असं माझ्या मनातही आलं नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे सगळे कोयते बाहेर पडले. शेवटी अंगदला टेम्पोत घालून आणलं. पायावर घाव, अंगात ताप, शुद्ध नाही. मी टेम्पो तसाच कर्जतच्या दवाखान्याकडं पिटाळला आणि लिहिलं, 'कोयता ४१ बाहेर'. टेम्पोत पंकजा आहे का, हे मी वाकून बघितलं नाही. नवरा बाहेर म्हणजे कोयता बाहेर. फाटक सहाला लावायचं होतं. सहाला दहा मिनिटं कमी होती, म्हणजे आत अजून सव्वा दिवस बाकी होता. पण वहीत सगळे बाहेर, मग उगाच कशाला थांबायचं? 'रान रिकामं' असं लिहून सही ठोकली, फाटक लावलं आणि चहाला गेलो.

ऊस निघाला की त्या रानात यंत्रानं सागवान लावतात, वसाहतीच्या फर्निचरसाठी. तेव्हा वेग आणखी वाढवतात. बाहेर एक तास, आत एक वर्ष.

सकाळी आठ वाजता माझी आई, लंकाबाई, संस्कृतीला घेऊन फाटकावर आली. हातात फडक्यात बांधलेली भाकरी.

"भागवत, दवाखान्यात अंगद एकलाच हाय. पंकी कुठं हाय?"

मी मुकादमाला फोन लावला. तो म्हणाला, "अंगदच्या वाट्याचा तुकडा राह्यला हुता. तेवढा तोडून येते म्हनली. आली न्हाई व्हय?"

माझ्या केबिनमध्ये एक लाल खटका आहे. तो ओढला की जलद रान जागच्या जागी थांबतं आणि मगच फाटक उघडता येतं. हात वर केला की पोचतो. पण साहेबांच्या मंजुरीशिवाय ओढला तर नोकरी जाणार, आणि वसाहतीच्या कडेला मला कबूल झालेली खोलीही जाणार. त्या खोलीत मी म्हातारा होणार नव्हतो. मी खटका ओढला नाही. वर वसाहतीत राधाकृष्ण साहेबांना चिठ्ठी पाठवली. थुंका माझ्यावर.

दुपारी उत्तर आलं, 'चहा घेतोय. बघतो.' मी पुन्हा लिहिलं, बाई आत आहे. संध्याकाळी दुसरं उत्तर आलं, 'एक कोयता आत गेला, एक बाहेर आला. बाई कुठली?'

फाटक तेवढं सारखं भुणभुणत होतं, कानाशी डास असावा तसं.

"हे काय वाजतंय रं?" आईनं विचारलं.

"मशीन हाय," मी म्हणालो.

आई तिथून हलली नाही. पोर रिबिनी मुठीत धरून तिच्या मांडीवर झोपली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पाच वाजता मंजुरी आली. पंकजासाठी नव्हे. 'लाकूड तयार झालं. उघडा.'

फाटक उघडलं. आत सागवानाचं घनदाट रान, आणि दाराशी ज्वारीचा एक लहानसा वाफा. त्यातून एक म्हातारी उठली. केस पांढरे, पाठ वाकलेली, हातातला कोयता झिजून बोटाएवढा झालेला. फाटकाच्या आतल्या बाजूचा पत्रा हात पोचेल तिथं ठोकून ठोकून खोलगट झाला होता. पस्तीस वर्षांची ठोकठोक, बाहेरच्या पस्तीस तासांत आवळलेली. ती भुणभुण कशाची होती ते तेव्हा कळलं.

ती डोळे बारीक करून माझ्याकडं बघत म्हणाली, "भागा, सकाळ झाली व्हय रं?"

राधाकृष्ण साहेब लाकूड बघायला खाली उतरले होते. नाकाला रुमाल लावून म्हणाले, "ह्या आजीबाई कोण? आत कशा आल्या? नोंद दाखवा." मी वही उघडून दाखवली. नोंद नव्हतीच. ते मान हलवत झाडं मोजायला गेले.

पंकजा खाली बसली आणि रिबिनींसाठी हात पुढं केला. संस्कृती आजीच्या पदराआड सरकली. आईनं एकवार लेकीच्या तोंडाकडं बघितलं. तिची लेक आता तिच्यापेक्षा म्हातारी होती. मग तिनं नातीला पुढं ढकललं.

पंकजानं घातलेल्या दोन्ही वेण्या सारख्या झाल्या. झाल्यावर पोर, घरी शिकवलं होतं तशी, त्या म्हातारीच्या पाया पडली आणि माझ्याकडं आली. मी सवयीनं फाटकाला हात घातला होता. तिनं माझा हात धरला.

"मामा, फाटक लावू नगंस. आई आजून आतच हाय."