निधीची सुरी

सोळाव्या वाढदिवसाला निधीने सुरी मागितली.

म्हणजे विकत आणून द्या असं नव्हे. जेद्दाहजवळ थुवालला समुद्राकाठी एक जपानी लोहार येणार होता. दोन दिवसांत तो माणसांना स्वयंपाकघरातली सुरी स्वतःच्या हाताने घडवायला शिकवणार होता. मोबाइल आईच्या पुढ्यात धरून निधी म्हणाली, "आई, मला हे हवंय. बस. अजून काही नको."

संपदा कणीक मळत होती. तिचे हात परातीतच थांबले.

त्या घरात गेल्या रमझानपासून सुरी उघड्यावर ठेवत नसत. भाजी चिरायची सुरी, कात्री, अशोकचं दाढीचं सामान, सगळं कपाटात कुलूपबंद असे आणि किल्ली संपदाच्या गळ्यातल्या साखळीत. रमझानातल्या एका दुपारी निधीने बाथरूमची कडी लावून स्वतःच्या मनगटाला इजा करून घेतली होती. संपदा त्या दिवशी ड्यूटीवरून लवकर आली म्हणून निभावलं. रियाधमधल्या एका मोठ्या इस्पितळात इतकी वर्षं नर्स असलेल्या बाईने हजारांना मलमपट्ट्या केल्या होत्या, पण स्वतःच्या पोरीचा हात धरताना तिचे हात लटपटले ते लटपटलेच. तेव्हापासून भीती तिच्या घरात सासूसारखी राहायला आली होती. संपदा उठली की ती उठे, आणि संपदा झोपली तरी ती जागी असे.

अशोक रास अल खैरला पाणी गोडं करण्याच्या प्रकल्पावर होता, गुरुवारी घरी यायचा. फोनवर ऐकून तो ओरडलाच, "सुरी करायला? डोकं ठिकाणावर आहे ना तुझं?"

निधीवर उपचार करणाऱ्या डॉक्टर सुखदा मात्र शांतपणे म्हणाल्या, "ती आता बरी आहे. कित्येक महिन्यांनी तिला स्वतःहून काहीतरी करावंसं वाटतंय. जाऊ द्या. हवं तर तुम्हीही सोबत शिका. अगदी सावलीसारखं मात्र राहू नका."

बाकी सगळं संपदाला पटलं. शेवटचं वाक्य तिने कानाआड केलं. आणि विमानाची दोन तिकिटं काढली.

थुवालची ती जागा म्हणजे पूर्वी होड्या दुरुस्त करायची शेड. अरवा नावाच्या जेद्दाहच्या एका स्वयंपाकिणीने ती भाड्याने घेतली होती. चाळिशीची, मोकळ्या स्वभावाची, बाह्या वर खोचलेली बाई. तिनेच त्या लोहाराला, मोरितासानना, जपानहून बोलावलं होतं आणि त्यांचं बोलणं तीच इंग्रजीत समजावून सांगायची. मोरितासान साठीचे, ठेंगणे, हातांवर जुन्या भाजल्याचे पांढरे ठिपके. आधी त्यांनी सगळ्यांना चामड्याचे एप्रन बांधायला लावले, मग भट्टीकडे बोट करून म्हणाले, "हिला घाबरा. पण हिच्याकडे पाठ करू नका."

पहिला दिवस ठोकण्यात गेला. दोन मऊ लोखंडी पट्ट्यांच्या मध्ये कठीण पोलादाची पट्टी. ती भट्टीत लाल करायची, ऐरणीवर ठेवून हातोडीने ताणायची, थंड झाली की पुन्हा भट्टीत. निधीच्या कपाळावरचे केस घामाने चिकटले होते. इवल्याशा खांद्यांची पोर, पण घाव नेमका घालत होती. मोरितासान मधूनच तिचं कोपर धरून वर उचलत आणि म्हणत, "इथून. मनगटातून नको."

मनगट हा शब्द कानावर पडला की संपदाची हातोडी मध्येच थांबायची. निधीने लांब बाह्या दुमडल्या होत्या. आठ-दहा परक्या माणसांसमोर तो व्रण उघडा होता, आणि तिला त्याची फिकीर दिसत नव्हती. संपदालाच तो झाकावासा वाटत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी पोलादाला पाणी द्यायचं होतं. पात्यावर मातीचा पातळ लेप लावून वाळवलेला. आता ते तापवून एकदम पाण्यात बुडवायचं. अरवाने सांगितलं, "आता आपण अंधार करणार. पोलादाचा खरा रंग उजेडात कळत नाही. पिकलेल्या पपईच्या गरासारखा दिसला की बाहेर काढायचं. त्याहून जास्त तापलं तर पाण्यात फुटतं."

दारं लावली गेली, जाड पडदे ओढले गेले. बाहेर लख्ख ऊन आणि आत काळोख. भट्टीचं तोंड तेवढं धगधगत होतं. संपदाला निधी दिसेना. भट्टीसमोर कुणीतरी सरकलं की क्षणभर एखादा गाल, एखादा हात लाल व्हायचा आणि विझायचा. कुठल्या बाजूला उभी आहे? तिच्या हाताशी काय काय आहे? काळोखात हाक मारायची तिला लाज वाटली, आणि न मारता राहवेना.

मग निधीची पाळी आली. चिमट्यात पातं धरून ती वाकली तसा तिचा चेहरा भट्टीसमोर उजळला. ती इतकी शांत दिसत होती की संपदाला त्या शांतपणाचीच धास्ती वाटली. त्या दुपारी बाथरूममध्ये जातानाही ती अशीच शांत होती. आणि तिथे, त्या काळोखात, एका आईने देवाकडे मागणं मागितलं. देवा, हिचं पातं फुटू दे. हिच्या हातात धार येऊच देऊ नकोस.

पातं पाण्यात गेलं. चर्रर्र आवाज, वाफ, आणि मग काहीच नाही. मोरितासाननी कान लावला. पातं बाहेर काढून नखाने टिचकी मारली. स्वच्छ आवाज आला. "योशी," ते म्हणाले. "छान," असा अर्थ सांगत अरवाने टाळी वाजवली. निधी हसली. किती तरी दिवसांनी तिचे पुढचे दोन्ही दात दिसतील असं हसली.

लगेच संपदाची पाळी. तिचं पातं भट्टीत होतं, डोळे मात्र निधी अंधारात कुठे सरकली ते शोधत होते. रंग बघायचा राहिलाच. पाण्यात बुडवताच 'टक' असा बारीक आवाज झाला, सुपारी फोडल्यासारखा. पडदे उघडल्यावर पात्याच्या मधोमध केसाएवढी भेग दिसली.

"आगीकडे बघत नव्हतात," मोरितासान म्हणाले. रागाने नव्हे. सगळ्यांचीच कधी ना कधी फुटतात, असं त्यांनी अरवामार्फत सांगितलं आणि ते पातं बाजूला ठेवलं. संपदाला रडू येईल असं वाटलं. पात्यासाठी नव्हे. आपण मघाशी जे मागितलं त्याची तिला शिसारी आली होती.

पुढे दोन तास निधी दगडावर धार लावत बसली. पाणी शिंपडायचं, पातं सरकवायचं, बोटाने खरखर चाचपायची. मग पात्याचं शेपूट तापवून लाकडी मुठीत बसवलं, जळक्या लाकडाचा वास पसरला. सुरी तयार झाली. निधीने कागदाचा कपटा हवेत धरून त्यावरून ती अलगद फिरवली. कपट्याचे दोन तुकडे आवाज न करता खाली पडले.

दुपारच्या नमाजाची वेळ झाली तशी अरवाने जेवणाची सुट्टी दिली. तेवढ्यात अशोकचा फोन आला. शेडमध्ये नीट ऐकू येईना म्हणून संपदा बाहेर सावलीत गेली.

"झाली का सुरी? कुठे ठेवलीय? तू तिच्यासोबतच आहेस ना?"

"आहे रे. इथेच आहे ती."

"विमानात सामानात टाक. घरी आल्यावर मी घेईन ताब्यात. ऐकतेयस ना?"

बोलणं लांबलं. निधी दारात येऊन काहीतरी म्हणाली, संपदाने मान हलवली. काय म्हणाली ते डोक्यात शिरलंच नाही.

फोन ठेवून ती आत आली. शेड जवळजवळ रिकामी. मोरितासान एका बाकावर डोळ्यांवर टॉवेल टाकून आडवे झाले होते. निधीच्या जागेवर ओला दगड होता, चिंधी होती. निधी नव्हती. सुरीही नव्हती.

 संपदा मागच्या बाथरूमकडे धावली. दार आतून बंद. तिने दोन्ही हातांनी ते बडवलं. "निधी! निधी, दार उघड! बाळा, दार उघड!" दार उघडलं तर आतून वर्गातलीच एक बावरलेली बाई बाहेर आली. संपदाने माफीही मागितली नाही. शेडच्या मागे बघितलं, भाड्याच्या गाडीत डोकावली. निधीला फोन लावला. फोन वाजला तो शेडमध्येच, बाकावरच्या निधीच्या पिशवीत.

मग ती समुद्राकडे पळाली. ऊन डोक्यावर, अबायाचा लांब झगा पायांत अडकत होता, एक चप्पल वाळूत राहिली. ती मोठमोठ्याने काय बोलत होती ते तिलाच कळत नव्हतं. बहुधा, "मीच आणली, मीच आणली इथे" असं काहीतरी.

धक्क्यावर होड्या लागलेल्या. मासे उतरवायच्या ओट्यापाशी निधी उकिडवी बसली होती. तिच्या उजव्या हातात सुरी होती, आणि डावा हात कोपरापर्यंत लाल.

संपदाने झेप घातली. तो लाल हात पकडून उलटा केला, सुलटा केला, मनगट अंगठ्याने पुसलं, पुन्हा पुसलं.  निधीसमोर फळीवर लालभडक, निळ्या ठिपक्यांचा एक मोठा नाजिल मासा चिरलेला पडला होता. पलीकडे अरवा होती, आणि एक म्हातारा कोळी, ज्याने हे बघून मुकाट्याने मान फिरवली.

"आई," निधी दबल्या आवाजात म्हणाली, "सगळ्यांसमोर नको. प्लीज."

"तू... तू सांगितलं नाहीस..."

"सांगितलं. मी म्हटलं, अरवासोबत मासा आणायला जाते. तू मान हलवलीस."

 संपदा ओल्या फरशीवर मटकन बसली, खवल्यांत, पाण्यात. अरवा पाणी आणायला निघून गेली. निधीने सुरी धुतली, फडक्यात गुंडाळली, ओट्यावर लांब ठेवली आणि आईशेजारी येऊन बसली.

निधी होड्यांकडे बघत म्हणाली,

"तुला वाटलं मी परत..."

"हो."

"तुला रोजच वाटतं. आय नो. मी बाथरूमला गेले की तू बाहेर उभी असतेस. तुझे पाय दिसतात दाराखालून."

संपदाने तोंडावर पदर घ्यावा तसा अबायाचा काठ घेतला. मग जे इतके महिने तिने डॉक्टरांना विचारलं होतं, नवऱ्याला विचारलं होतं, ते पहिल्यांदा लेकीला विचारलं. "का गं केलंस?"

निधीने नखातलं खवलं काढलं. "अफशाँ गेली ना खुरूजवर, कायमची मायदेशी, तिच्या पप्पांची नोकरी गेली तेव्हा. मग शाळेत एकही मैत्रीण उरली नाही. पण तेवढंच नाही. डोक्यात एक आवाज असायचा. तू फालतू आहेस, तू गेलीस तर सगळे सुटतील. मला मरायचं नव्हतं बहुतेक. तो बंद करायचा होता."

"आणि आता?"

"कमी येतो. हातोडी मारताना आलाच नाही." ती थांबली. "पण येतो कधी कधी."

"आला की मला सांगशील?"

"सांगितलं तर तू घाबरशील."

"घाबरेन," संपदा म्हणाली. खोटं बोलायची ताकदच तिच्यात उरली नव्हती. "खूप घाबरेन. तरी सांग. माझं घाबरणं मी बघेन. ते तू सांभाळायचं नाहीस."

 निधीने तो माशाच्या रक्ताने चिकट झालेला हात आईच्या हातात दिला.

दुपारी अरवाने तो मासा भातासोबत शिजवला. निधीने दोनदा भात मागून घेतला. संपदाही शेजारी बसली आणि जेवली.

रियाधला परतल्यावर भीती कुठे गेली नाही. सुरीवरून अशोकशी दोन दिवस वाद झाला; शेवटी तीही कपाटात कुलपाआड गेली. संपदा बाथरूमच्या दाराशी जाऊन उभी राहायची, आणि मग स्वतःला ओढून परत सोफ्यावर बसवायची. कधी जमे, कधी नाही.

हिवाळा सरत आला होता. एका दुपारी ती वॉर्डमध्ये सलाईन बदलत असताना खिशातला फोन थरथरला. निधी होती.

"आई, आज आलाय तो आवाज. सकाळपासून आहे. जोरात आहे."

संपदाच्या हातातली नळी सुटता सुटता राहिली.  शेजारच्या नर्सला खुणेने बोलावून तिने काम सोपवलं.

"कुठे आहेस बाळा?"

"हॉलमध्ये. दार उघडं ठेवलंय मी."

"फोन ठेवू नकोस," जिना उतरत संपदा म्हणाली. तिचा आवाज कापत होता आणि ती तो लपवत नव्हती. "काही बोलू नकोस हवं तर. मी निघालेय."

टॅक्सीत सगळी वाट फोन कानाला होता. पलीकडून नुसता श्वास ऐकू येत होता. संपदा तो ऐकत राहिली. घाबरत राहिली आणि ऐकत राहिली.

दार खरंच उघडं होतं. निधी सोफ्याच्या टोकाला पाय पोटाशी घेऊन बसली होती. फोन अजून तिच्या कानाला होता.