आत्याचा चष्मा

बारा वर्षं तिनं ते नाट्यगृह चालवलं. हातात संहिता नाही, प्रेक्षकांनी फेकलेल्या एका शब्दावर जागच्या जागी विनोदी प्रसंग उभा करायचा, ही तिथली रीत. त्यातूनच ती रंगवायची ते कजाग आत्याचं पात्र जन्मलं आणि प्रयोग हाउसफुल्ल होऊ लागले. आता राजीनामा देऊन, ताईच्या स्वयंपाकघरात ती आत्यावर स्वतःचा सिनेमा करत होती. तर शूटिंगच्या पहिल्याच दिवशी नाट्यगृहाचे अध्यक्ष नोटीस घेऊन दारात हजर!

“आत्या हे पात्र संस्थेच्या मालकीचं आहे,” त्यांनी वाचून दाखवलं.

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. बारा वर्षांत हा गृहस्थ एका प्रयोगाला शेवटपर्यंत बसला नव्हता. बक्षीस घ्यायला मात्र सगळ्यांच्या पुढे!

“मालकीची ना? मग घेऊन जा की!” तिनं डोळ्यांवरचा आत्याचा जाड भिंगांचा चष्मा काढला आणि त्यांच्या नाकावर चढवला. “हं, बोला तिचं एक वाक्य. ताई, टाक गं शब्द.”

“कुकर,” ताई गॅसजवळून म्हणाली.

अध्यक्षांनी घसा खाकरला, नोटीस वाचली, मग उलटून पाहिली. मागची बाजू कोरीच होती.