शिह-फानचा स्वतःचा आवाज

लियाव शिह-फान आणि मी पडद्यावर इतक्यांदा प्रेमात पडलो, की तैपेईच्या बाजारात भाजीवाल्या मला अजून विचारतात, "नवरा काय म्हणतोय?" माझा खरा नवरा दातांचा डॉक्टर. मी म्हणते, "दोघंही मजेत आहेत."

त्या काळी आमच्या प्रेमपटांची चलती होती. समुद्रकिनारा, पियानो असलेला दिवाणखाना आणि मधोमध शिह-फान. त्याने नुसती मान वळवून पाहिलं तरी थिएटरात बायका रुमाल शोधायच्या. पण त्याचा आवाज त्यांनी कधी ऐकलाच नव्हता. तो ताइनानकडचा, तळ्यात मासे पाळणाऱ्या घरातला. सिनेमे मँडरिन चिनीत, आणि तो मँडरिन बोलू लागला की वाक्यावाक्यातून गावची तैवानी बोली डोकावायची. म्हणून चित्रीकरण झालं की छाइ नावाचे बीजिंगकडचे गृहस्थ स्टुडिओत बसून त्याला आवाज द्यायचे. अगदी रेशमी आवाज.

कुणी चिडवलं तर शिह-फानच हसायचा. "चेहरा माझा, गळा छाइदादांचा. लग्न कुणाशी लागलं ते नवरीला विचारा."

पुढे ती लाट ओसरली. आमच्यातल्या कित्येकांनी हॉटेलं काढली. तो मात्र टिकला. हाँगकाँगला गेला, तिथल्या कॅन्टोनीज भाषेत आणखी कुणीतरी त्याच्यासाठी बोललं. केस पिकले तेव्हा ते रंगवायचं सोडलं आणि नायकाच्या बापाची कामं घेतली. आवाज तेव्हाही उसनाच.

सत्तरीला टेकला असताना यू सू-यिंग नावाची तरुण दिग्दर्शिका त्याच्याकडे आली. तिच्या कथेत एक म्हातारा मासेवाला शेवयांचं दुकान चालवणाऱ्या विधवेच्या प्रेमात पडतो. विधवा मी होते.

"काका, आवाज तुमचाच हवा," ती म्हणाली.

"उशीर केलास पोरी," शिह-फान म्हणाला. "मी कधीचा तयार बसलोय."

मला धाकधूक होती, त्याला मुळीच नव्हती. कॅमेऱ्यासमोर तो गावाकडची तैवानी बोलला, अडखळला, मध्येच गप्प झाला. त्या गप्प होण्याने मी माझं वाक्य विसरले. इतक्या वर्षांत असं पहिल्यांदाच झालं.

निर्माता मात्र बिथरला. "लोकांना तो जुना आवाज आठवतो. हा ऐकून हसतील." त्याने आवाज द्यायला थेट छाइदादांनाच बोलावलं. ते काठी टेकत आले. आम्हीही बसलो होतो. दिवे मालवले, आणि मासेवाला विधवेला विचारतो तो प्रसंग सुरू झाला: "तुझ्या दुकानात माझ्यासाठी एक खुर्ची कायमची ठेवशील का?"

प्रसंग संपला तरी छाइदादा उठेनात. निर्मात्याने विचारलं, "मग, कधी बसताय?"

"कशाला?" ते म्हणाले. "मी याला आयुष्यभर गोड बोलायला लावलं. हा तर खरं बोलतोय. यात मी कुठे घुसू?" मग शिह-फानकडे वळून म्हणाले, "लबाडा, हा गळा कुठे लपवला होतास?"

"तुम्ही जागा कुठे दिलीत, दादा?"

दोघं खो खो हसले. निर्मात्याने पुन्हा तो विषय काढला नाही.

ताइनानच्या खेळाला शिह-फानने आईला आणलं. म्हातारी नव्वदीच्या पुढची, पण कान शाबूत. मँडरिन तिला कधी धड आलीच नाही. लेकाचे सिनेमे ती फक्त बघत आली होती. सुरुवातीला मागच्या रांगांतून थोडं हसू आलं खरं. नंतर लोक ऐकू लागले, आणि खुर्चीच्या प्रसंगाला तर शेजारची अनोळखी बाई माझ्याच खांद्यावर रडली.

दिवे लागल्यावर आई म्हणाली, "हे समजलं मला. याआधी कोण बोलायचा रे तो?"

"भला माणूस आहे, आई."

"असेल. पण फार नाटकी बोलायचा."

त्या वर्षाअखेर शिह-फानकडे आणखी दोन प्रेमकथा आल्या. एकीत नायिका त्याच्याहून वीस वर्षांनी लहान होती. त्याने ती नाकारली आणि दुसरीसाठी मला फोन केला. "पेइ-चुन, डॉक्टरसाहेबांना विचार. वसंतात पुन्हा लग्न करायचंय."